एकांडे शिलेदार

मुंबईच्या उपनगरात वाढलेल्या माणसाला वर्गीकरणशास्त्र वेगळं शिकवावं लागत नाही. "कुठे राहता?" "अंधेरीला." "ईस्ट की वेस्ट?" "ईस्ट." "स्टेशनपासून चालत?" "छे हो, शेअर रिक्षा." एवढ्यावर समोरच्याच्या घराचा चौरस फुटाचा भाव, मुलांची शाळा आणि गावाकडची जमीन अजून शाबूत आहे की विकून झाली, हे सगळं कळतं. सकाळच्या फास्टला मुलुंडला चढणारा माणूस बसलेल्या चेहऱ्यांवरून एकदाच नजर फिरवतो. कोण घाटकोपरला मेट्रोसाठी उठणार आणि कोण थेट सीएसएमटीपर्यंत घोरणार, हे ठरवून तो नेमका उठणाऱ्याच्या गुडघ्यांसमोर जाऊन उभा राहतो. बॅग, बूट, गळ्यातला पट्टा, मोबाईल धरण्याची तऱ्हा, अशा बाहेरच्या चार खुणा त्याला पुरतात. अंदाज सहसा चुकत नाही. चुकला तरी दोष त्या बसलेल्या माणसाचा असतो.

या सगळ्या हुशारीचं पाणी पाणी करणारा एक प्राणी आहे. रुगोज प्रवाळ, आणि त्यातही वसाहत न करता एकेकटा राहणारा. बाहेरून पाहिलं तर बोटभर लांबीचं, किंचित वाकलेलं, सुरकुत्या पडलेलं शिंग. त्याच्या शेजारचाही तसाच. दहा कोटी वर्षांनी जन्मलेला दूरचा, लग्नाच्या यादीतही न येणारा नातलगही तसाच. सगळे एका गणवेशात. कोण कोणाचा, हे कळण्यासाठी त्यांना कापावं लागतं. कापल्यावरही तज्ज्ञ आधी हातभर सुस्कारा सोडतात आणि मग आपापसांत भांडतात.

आंरी मिल्न-एद्वार आणि झ्यूल एम या दोन फ्रेंच संशोधकांनी १८५० मध्ये या गटाला रुगोजा हे नाव दिलं. हे जीव समुद्राच्या तळाशी ४५ कोटी वर्षांपूर्वीपासून सुखाने नांदत होते. सुमारे २५ कोटी २० लाख वर्षांपूर्वी, पर्मियन काळाच्या शेवटी, पृथ्वीवर सजीवांचा सर्वांत मोठा संहार झाला आणि त्यात हा अख्खा गट नामशेष झाला. आज समुद्रात दिसतात ती प्रवाळं वेगळ्या घराण्यातली. मंगळाला शांत करण्यासाठी आपण बोटात घालतो ते पोवळं तर आणखी तिसऱ्याच. रुगोजाचा एकही वंशज उरला नाही, त्यामुळे कोणाची पत्रिका कोणाशी जुळवायची हे विचारायलाही घरात कोणी नाही.

आता, हा जीव आपल्या उपनगरात सापडण्याची शक्यता किती? आपल्या पायाखालचा दगड पाहा. अंधेरी पश्चिमेला गिल्बर्ट हिल उभी आहे. ६१ मीटर उंच, उभ्या कोनेदार खांबांची, डोक्यावर गावदेवीचं मंदिर आणि चारी अंगांनी इमारतींचा गराडा. हा बेसाल्ट सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्ह्याचा. म्हणजे लाव्हा अंधेरीला पोहोचला तेव्हा रुगोज प्रवाळांना जाऊन अठरा कोटींहून अधिक वर्षं लोटली होती. आपल्याकडे बोरिवली लोकल चुकली तर चार मिनिटांनी दुसरी येते. इथे पुढची गाडी नव्हतीच. शिवाय लाव्ह्यात प्रवाळ वाढत नाही, हे पत्रव्यवहारासाठी नमूद करून ठेवतो, कारण या खांबांचे फोटो पाठवून "हे मोठ्या आकाराचं प्रवाळ नाही का?" असं विचारणारे लोक मला माहीत आहेत. नाही. ते लाव्हा थंड होताना आक्रसला, त्याच्या भेगा आहेत.

लाव्ह्याच्या दोन उद्रेकांमध्ये मात्र इथे तळी साचायची, गाळ बसायचा. त्या गाळाच्या थरांनी मुंबईला तिचे अस्सल जीवाश्म दिले. वरळीच्या थरातला एवढासा बेडूक लंडनच्या रिचर्ड ओवेनने १८४७ मध्ये शास्त्रात नोंदवला. आज त्याचं नाव इंडोबॅट्रॅकस. अंधेरी-जोगेश्वरीच्या अंगाला असलेल्या आंबोलीच्या खाणीतल्या कासवाचं २००३ मध्ये सांकुचेमिस सेठनाय असं बारसं झालं. बेडूक आणि कासव. या शहराचे सर्वांत जुने रहिवासी आणि दोघांनाही साचलेल्या पाण्यात दिवस काढायची सवय. मिलन सबवेत अडकलेल्या कोणालाही या निवडीमागचं शहाणपण पटेल. मालाड-कांदिवलीच्या जुन्या खाणींनी झिओलाइटचे आणि त्यांच्या सोबतीच्या खनिजांचे असे देखणे स्फटिक दिले की परदेशातले संग्राहक ‘मुंबई’ लिहिलेली चिठ्ठी पाहून पाकीट काढतात. पण स्फटिक म्हणजे जीवाश्म नव्हे. सारांश, प्रवाळाच्या बाबतीत उपनगरांचा खडक कोरडा ठणठणीत.

तरीही तो मुलुंडला आला. कंटेनरमधून, बंदरातून, सगळा सीमाशुल्क भरून.

आमच्या इमारतीचं रीडेव्हलपमेंट झालं. बिल्डरने दिलेल्या लॉबीच्या फरशा पहिल्याच पावसाळ्यात उखडल्या, तेव्हा कमिटीने ठरवलं की आता काही तरी भारी घालायचं. कोणाच्या तरी साडूच्या ओळखीतून, कुठल्याशा हॉटेलच्या कामातून उरलेला काळसर इम्पोर्टेड दगडाचा लॉट निम्म्या भावात मिळाला. दुकानदाराने त्याला ‘इटालियन’ म्हटलं. मुंबईत घासून चकचकीत होणाऱ्या प्रत्येक दगडाला इटालियन म्हणतात, तेव्हा त्यात फसवणूक काही नाही. मला तो युरोपातल्या कार्बोनिफेरस काळातल्या चुनखडकाच्या जातकुळीचा वाटला. असा दगड बेल्जियममध्ये निघतो, आयर्लंडमध्ये किल्केनीच्या परिसरातही निघतो. बेल्जियमवाले तर आपल्या चुनखडकाला व्यापारात ‘पती ग्रानी’, म्हणजे छोटा ग्रॅनाइट, म्हणून विकतात. ग्रॅनाइटशी त्याचा काडीचा संबंध नाही. वर्गीकरणाच्या नावाने दुकानदार जगभर सारखेच.

फरशी बसली, पॉलिशचं मशीन फिरलं, पाणी पुसलं आणि काळ्या दगडातून पांढरी चित्रं वर आली. कुठे आऱ्या असलेली चाकं, कुठे शिडीच्या पायऱ्या असलेलं शिंग, कुठे नुसते ठिपके. लिफ्टच्या दाराशी तर बशीएवढं एक.

सोसायटीच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर तासाभरात वर्गीकरण सुरू झालं. तिसऱ्या मजल्यावरच्या काकूंना ती लिंबाची फोड वाटली. खजिनदारांच्या मते ठेकेदाराच्या माणसांनी ओल्या फरशीवर चुना सांडला होता. वॉचमनने आल्यागेल्या प्रत्येकाला "हड्डी है साब, पुरानी हड्डी" असं सांगून लॉबीची प्रतिष्ठा अर्ध्यावर आणली. पाचव्या मजल्यावरच्या आजोबांनी लिफ्टजवळचं चाक म्हणजे साक्षात सुदर्शन आहे असं जाहीर केलं. दुसऱ्या दिवशी त्याच्यावर हळदकुंकू, तिसऱ्या दिवशी जास्वंद. चौथ्या दिवशी कोणाचा तरी पाय पडला म्हणून भांडण. कॉलेजात जाणाऱ्या एका मुलीने फोटो इंटरनेटवर टाकला, तिथून ‘बहुधा कोबी’ असं उत्तर आलं. ठेकेदाराचं म्हणणं ठाम होतं : "नॅचरल स्टोन आहे साहेब, डिझाईन येणारच."

शेवटी विशेष सर्वसाधारण सभेच्या विषयपत्रिकेवर छापून आलं : ‘विषय क्र. ४ – लॉबीतील डागांबाबत विचारविनिमय.’ मला बोलावणं आलं, कारण माझ्या कपाटात दगड आहेत हे बाईने सगळ्या मजल्यांवर सांगून ठेवलेलं होतं.

सभेआधी एका दुपारी, जाग कमी असताना, मी मगभर पाणी आणि दहापट मोठं दाखवणारं भिंग घेऊन लॉबीत पालथा पडलो. चुनखडकातलं काही पाहायचं तर त्याला ओलं करावं. पाण्याची पातळ चादर बसली की पॉलिशवरची चकाकी मरते आणि आतली रेघ न् रेघ वर येते. वॉचमनने "चाबी गिरा क्या साब?" म्हणून टॉर्च आणून दिला. तो त्याने स्वतःहून तिरका धरला, म्हणून बरं झालं. तिरक्या उजेडात काम छान होतं.

लिफ्टजवळचं ‘सुदर्शन’ म्हणजे शिंगाचा आडवा छेद होता. कडेला जाड भिंत. भिंतीपासून केंद्राकडे निघालेले पांढरे उभे पडदे, एक लांब, एक आखूड, एक लांब, एक आखूड. कडेच्या पट्ट्यात पडद्यांच्या मध्ये बारीक फुगीर पापुद्र्यांची जाळी. पडदे मोजता मोजता नजर एका जागी अडकते. तिथे एक पडदा खुरटलेला असतो आणि त्याच्या भोवती मोकळी खाच असते. तीच रुगोज घराण्याची खरी खूण. या प्राण्याला पहिले सहा पडदे येतात. त्यानंतरचे मोठे पडदे वाट्टेल तिथे फुटत नाहीत, चारच ठरलेल्या कोपऱ्यांत एकामागून एक वाढतात. त्यामुळे चाक दिसायला गोल असलं तरी त्याला डावी-उजवी बाजू असते. आजच्या खडकाळ प्रवाळांत, म्हणजे स्क्लेरॅक्टिनियन गटात, हिशोब वेगळा. तिथे सहा, मग आणखी सहा, मग बारा, मग चोवीस, सगळीकडे सारखे. रुगोजांचा सांगाडा कॅल्साइटचा, त्यांचा ॲरॅगोनाइटचा. ॲरॅगोनाइट काळाच्या ओघात सहज बदलतो, विरघळतो, कॅल्साइट टिकतो. म्हणून ३५ कोटी वर्षं जुन्या रुगोजाच्या आतली रेघ मुलुंडच्या लॉबीत भिंगाखाली मोजता येते आणि आमच्या जुन्या इमारतीचा मंजूर नकाशा मात्र कोणालाच वाचता येत नव्हता.

शेजारच्या फरशीत तोच प्राणी उभा कापला गेला होता. त्यात आडवे मजले दिसतात. हा जीव चुन्याची वाटी बांधून तिच्या काठाशी राहायचा. वाढला की खाली आडवी स्लॅब टाकायचा आणि वर सरकायचा. म्हणजे अख्खा टॉवर स्वतः बांधायचा आणि राहायला फक्त टेरेस फ्लॅट. खालचे सगळे मजले कायमचे रिकामे, भाड्यानेही न दिलेले. ना पार्किंगचा वाद, ना ट्रान्स्फर फी. एकट्याने राहणाऱ्याची ही सोय वसाहतवाल्या प्रवाळांना कधी लाभली नाही.

शिंगाचा वाकही विनाकारण नसतो. यातले पुष्कळसे मऊ चिखलात रुतून राहायचे. प्रवाह आला, तळ सरकला की कलंडायचे. पडल्यावरही प्राणी तोंड पुन्हा वर वळवून वाढत राहायचा, म्हणून सांगाडा वाकायचा. कुठे अचानक बारीक होऊन पुन्हा फुगलेला दिसला तर तिथे त्याच्यावर वाईट दिवस आले होते आणि तो त्यातून सावरला होता, असं समजायचं. मात्र वाकावरून जात ठरवू नये. एकाच जातीचा एक सरळ, दुसरा पिळवटलेला, तिसरा बसका असू शकतो आणि तीन निरनिराळ्या कुळांतले तीन जण हुबेहूब जुळे दिसू शकतात.

म्हणून नियम असा, की नेमका आडवा छेद हवा, नेमका उभा छेद हवा आणि टोकापासून वाटीपर्यंत आडव्या छेदांची मालिका हवी. कारण लहानपणी एक रूप आणि मोठेपणी दुसरं. एकेक छेद काचेवर चिकटवून ०.०३ मिलिमीटरपर्यंत घासायचा, की त्यातून उजेड आरपार जातो. किंवा घासलेल्या पृष्ठभागावर पातळ आम्ल फिरवून, ॲसिटोन टाकून, वर ॲसिटेटची फिल्म बसवून तिचा ठसा सोलून घ्यायचा. मार्बल कापणाऱ्याच्या करवतीला यातलं काही ठाऊक नसतं. तो दगड सोयीने कापतो, त्यामुळे लॉबीतले नव्वद टक्के प्रवाळ तिरके छाटलेले. तिरक्या छेदातून प्रजाती ओळखणं म्हणजे आधार कार्डावरच्या फोटोवरून माणूस ओळखणं.

सभेत मी एवढंच म्हणालो की हे रुगोज प्रवाळाचे जीवाश्म आहेत, बहुतेक कार्बोनिफेरस काळातले, एकांडे. प्रजाती सांगता येणार नाही.

"सांगता येणार नाही म्हणजे?" सेक्रेटरींना मिनिट्समध्ये नाव लिहायचं होतं.

"कापावे लागतील."

"फरशी कापायची? आणि त्याचे पैसे?" खजिनदार उभे राहिले.

तेवढ्यात दुसऱ्या मजल्यावरचे कच्छी शेठ आपल्या घरातून एक पिशवी घेऊन आले. मुलुंड-घाटकोपरच्या कच्छी घरांत गावाकडचा दगड असतोच. पिशवीतून त्यांनी एक शिंग काढलं, अगदी तसंच. "ए तो अमारा कच्छनो छे! गावच्या नदीत किती पण मिळेल." सभेला एकदम उत्साह आला. दुकानदाराने कच्छचा दगड इटालियन म्हणून विकला, असा निष्कर्ष कोणीतरी काढलाही आणि खजिनदारांनी वसुलीचा आकडा काढायला घेतला.

बाहेरच्या रूपाने माणसं कशी फसतात ते इथे कळतं. कच्छचे प्रवाळ आहेत खरे, पण ते ज्युरासिक काळातले. ब्रिटिश भूशास्त्रज्ञ जे. डब्ल्यू. ग्रेगरी यांनी १९०० मध्ये त्यांच्यावर अख्खा ग्रंथ लिहिला. त्यात माँटलिव्हॉल्टिया नावाचा एकांडा प्रवाळ आहे. तोही शिंगासारखाच, वाकडाही असतो. पण तो स्क्लेरॅक्टिनियन, सहांचा हिशोब करणारा. रुगोज संपल्यानंतर समुद्रात आलेल्या नव्या घराण्यातला. चिखलात एकट्याने उभं राहायचं असलं की दोघांनीही शिंग हाच आकार पसंत केला, एवढंच. शेठच्या शिंगाची मोडलेली बाजू ओली करून भिंगाखाली धरली, पडदे सगळीकडे सारखे विखुरलेले. मी त्यांना तसं सांगितलं. ते म्हणाले, "पण आमचावाला मोठा आहे ना?" हे निर्विवाद होतं.

या बाबतीत सोसायटीची बाजू घ्यावीशी वाटते, कारण मोठमोठ्यांनीही याहून वेगळं काही केलेलं नाही. कॅल्सिओला नावाचा एक रुगोज प्रवाळ आहे, खालून चपटा, सपातेच्या पुढच्या भागासारखा, आणि त्याला झाकण असतं. लिनियसने १७७१ मध्ये झाकण पाहिलं आणि त्याला शिंपल्यांत बसवून टाकलं. तिथे तो शतकभराच्या आसपास मुकाट्याने बसून राहिला. एकोणिसाव्या शतकात स्वीडनच्या गुस्ताफ लिंडस्ट्रॉमने त्याला प्रवाळांत आणलं, तेव्हा कुठे ट्रान्स्फर झाली. सोसायटीत नाव चढायला वर्ष लागलं म्हणून चिडणाऱ्यांनी कॅल्सिओलाचा विचार करावा.

आणि राफिनेस्क! या गृहस्थाशिवाय वर्गीकरणाची कथा अळणी. कॉन्स्टन्टाइन राफिनेस्क हा विद्वान दिसेल त्याला नवं नाव देत सुटला होता. १८१८ मध्ये तो केंटकीत पक्षी चितारणाऱ्या ऑड्युबॉनकडे मुक्कामाला गेला. ऑड्युबॉनने लिहून ठेवलंय की रात्री खोलीत शिरलेली वटवाघळं नव्या जातीची आहेत असं वाटून हा पाहुणा अंगावर चिंधी नसताना, यजमानांचंच लाडकं व्हायोलिन हाणत त्यांच्यामागे धावत होता. व्हायोलिनचे तुकडे झाले. पुढे ऑड्युबॉनने त्याला मनाने रचलेल्या माशांची वर्णनं ऐकवली. त्यात एक मासा असा, की त्याच्या खवल्यांना बंदुकीची गोळी लागत नाही. राफिनेस्कने तो गंभीरपणे छापला. १८२० मध्ये. त्याच वर्षी जॉन क्लिफर्डबरोबर त्याने एका एकांड्या शिंग-प्रवाळालाही नाव दिलं, झॅफ्रेंटिस. हा मात्र खरा निघाला. नुसता खरा नव्हे, इतका लोकप्रिय, की पुढची कित्येक दशकं ज्याला ज्याला दुसरीकडे कुठे बसवता येत नाही असं वाकडं शिंग सापडलं, त्याने ते झॅफ्रेंटिसमध्ये टाकलं. आमच्या मीटर रूममध्ये जसं कोणाचं काय ते न कळणारं सगळं सामान असतं. नंतरच्या पिढ्या आजवर ती खोली आवरताहेत. तरी त्या अडगळीचाही उपयोग झाला. १९०५ मध्ये आर्थर वॉनने ब्रिस्टलच्या कार्बोनिफेरस चुनखडकाचे थर प्रवाळांच्या आणि शिंपल्यांसारख्या ब्रॅकिओपॉड प्राण्यांच्या आधाराने लावले, आणि त्यात एका पट्ट्याला झॅफ्रेंटिसचंच नाव होतं. कोणता प्रवाळ दिसला की आपण कोणत्या थरात आहोत ते कळायचं. स्टेशनाच्या पाट्या वाचता येत नसलेल्या माणसाला विक्रोळीचा वास आला की कळतं, तसं नव्हे, याहून अचूक.

सभा खरी रंगली ती दिवसांच्या हिशोबावर. या शिंगांच्या बाहेरच्या सालीवर बारीक कडांच्या रेघा असतात. १९६३ मध्ये कॉर्नेल विद्यापीठाच्या जॉन वेल्सने डेव्होनियन काळातल्या, म्हणजे ३६ ते ४२ कोटी वर्षांपूर्वीच्या, प्रवाळांवरच्या रेघा मोजल्या. रोजची एक रेघ, आणि वर्षाचे मोठे पट्टे वेगळे. एका वर्षात रेघा भरल्या सुमारे ४००. खगोलशास्त्रज्ञ आधीपासून सांगत होतेच की चंद्राच्या ओढीमुळे, भरती-ओहोटीच्या घर्षणाने पृथ्वीचं फिरणं मंदावत आलं आहे. प्रवाळांनी त्याची हजेरीवही दाखवली. वर्षाचे दिवस ४००, तेव्हा दिवस भरत होता बावीस तासांचा.

"बावीस?" सेक्रेटरी म्हणाले. वॉचमन दाराशी उभा होता. बारा-बारा तासांच्या दोन पाळ्या बावीसात कशा बसवायच्या, हा प्रश्न त्याने विचारला नाही, पण त्याच्या चेहऱ्यावर तो होता. खजिनदारांनी विचारलं की वर्ष ४०० दिवसांचं असेल तर मेन्टेनन्सचे हप्ते तेरा होतील का. बोरिवलीहून चर्चगेटला जाऊन-येऊन तीन तास घालवणारे चौथ्या मजल्यावरचे गृहस्थ मात्र गप्प झाले. त्यांना बावीस तासांच्या दिवसात झोप नेमकी कुठे कापायची ते दिसत होतं. (ते मुलुंडला राहून बोरिवलीला का जातात, हा प्रश्न विचारू नये. सासूबाई तिथे आहेत.)

मला कबूल करायला हवं ते एवढंच, की एवढं सगळं ऐकून कोणीही जीवाश्मप्रेमी झालं नाही. काकूंनी ती लिंबाची फोडच आहे हे मत कायम ठेवलं. आजोबांनी सुदर्शनाची बाजू सोडली नाही, "तुमचा प्रवाळ असेल, पण आकार कोणी दिला?" या त्यांच्या प्रश्नाला मी नमस्कार केला. यंदा उन्हाळ्यात स्पिती खोऱ्याची टूर करून आलेल्या जोडप्याने तिथून विकत आणलेला गोल वळ्यांचा दगड दाखवला आणि हाही तोच का, असं विचारलं. तो ॲमोनाइट होता, ज्युरासिक शेलमधला, आपल्याकडे देव्हाऱ्यात शाळीग्राम म्हणून पूजतात त्या जातीचा. गंमत अशी की भारतात रुगोज प्रवाळ पाहायचे तर स्पितीसारखी हिमालयातली जागाच योग्य; तिथल्या सिल्युरियन खडकांत ते आहेत. म्हणजे ही दोघं त्यांच्यावर पाय देऊन, गाडी थांबवून, मॅगी खाऊन, दुसऱ्याच कुळातला प्राणी पैसे देऊन घेऊन आली. तो उचलून आणणं योग्य की नाही हा वेगळाच विषय, आणि सभेचा अजेंडा आधीच लांबला होता.

ठराव मात्र झाला. सेक्रेटरींनी सुंदर मराठीत लिहिला : ‘सदर डाग हे सुमारे पस्तीस कोटी वर्षांपूर्वीचे असल्याचे निदर्शनास आल्याने ते ठेकेदाराच्या हमी कालावधीत मोडत नाहीत. सबब ठेकेदाराची उर्वरित रक्कम अदा करण्यात यावी.’ सूचक आणि अनुमोदक दोघांनी सही केली. भूशास्त्राचा इतका व्यवहारी उपयोग मी दुसरीकडे वाचलेला नाही.

तुमच्याही इमारतीत, बँकेत, मॉलच्या जिन्यात असा कोणी बसलेला असू शकतो. कोटा किंवा शहाबाद फरशीत शोधू नका. ते दगड प्राण्यांच्या आधीच्या काळातले आहेत. मकराणाच्या संगमरवरातही नाही, तो तापून-दाबून इतका बदलला आहे की आत काही असलं तरी उरलेलं नाही. पिवळ्या जैसलमेरी दगडात शिंपले आणि ज्युरासिक सोबती भेटतील. काळसर, इम्पोर्टेड चुनखडकात पांढरी चाकं दिसली तर थोडं पाणी टाका, मोबाईलचा टॉर्च तिरका धरा, शेजारी एक रुपयाचं नाणं ठेवून फोटो काढा. पडदे लांब-आखूड आलटून पालटून असतील आणि कुठे एक खाच दिसली, तर वहीत ‘रुगोज, एकांडा, प्रजाती अनिश्चित’ असं लिहा आणि उठा. त्याहून पुढचं नाव जो कोणी उभ्याउभ्या सांगेल त्याच्यावर विश्वास ठेवू नका, मग तो मी का असेना.

बाथरूम धुवायचं ॲसिड मात्र त्याच्यावर टाकू नका. चुनखडकाचं पॉलिश त्याने जातं आणि ते पुन्हा करून घ्यायचा खर्च सगळ्या फ्लॅटवाल्यांत वाटला जातो.